वाचनालयाच्या समितीला खुलं पत्र: चौथी गोळी सापडली, पण दहा दिवस कुठे गेले?

प्रति,
अध्यक्ष, चिटणीस आणि समितीतले सगळे सभासद,
आपल्या गावचं वाचनालय, सत्तरी.

नमस्कार.

हे पत्र मी आधी बंद पाकिटातून दिलं होतं, एकदा नाही दोनदा. पहिल्याची पोच मिळाली नाही. दुसऱ्या वेळी चिटणीसबाब नाक्यावर भेटले, म्हणाले "पळोवया मरे", म्हणजे बघूया, आणि ते पळोवणं अजून चालूच आहे. म्हणून आता उघड लिहितोय, गावातल्या लोकांनीही वाचावं म्हणून. कोणाला शिव्या द्यायच्या नाहीयेत. तुमच्यातले अर्धे माझ्याबरोबर शाळेत होते आणि चवथीला आपण एकमेकांच्या घरी माटोळी बघायला जातो, ते तसंच चालू राहू दे.

विषय ३० जानेवारीच्या व्याख्यानाचा आहे. हुतात्मा दिन म्हणून आपल्या व्याख्यानमालेत गांधीहत्येवर बाहेरून वक्ते बोलावले, हॉल भरला, हायस्कूलची मुलं दोन बसगाड्या भरून आणून पुढच्या रांगांत बसवली. वक्त्यांचं नाव मी लिहीत नाही, बोलायला बोलावलं तर माणूस बोलणारच, माझं भांडण बोलावणाऱ्यांशी आहे. दीड तास पडद्यावर जुने फोटो मोठे करून दाखवले, फोटोवर लाल वर्तुळ काढून "ही बघा चौथी जखम" असं सांगितलं, मग चौथी गोळी म्हणजे दुसरं पिस्तूल, दुसरं पिस्तूल म्हणजे दुसरा माणूस, दुसरा माणूस म्हणजे परदेशी हात, 'फोर्स १३६' नावाची ब्रिटिशांची गुप्त संघटना, असं एकाला एक जोडत गेले, मधेच केनेडी आले, ताश्कंदला शास्त्रीजी आले, आणि शेवटी "सत्य तुमच्यापासून लपवलं गेलं" म्हणून टाळ्या. मी मागच्या रांगेत बसलो होतो. भजी गरम होती, ते कबूल करतो.

आता तुम्ही म्हणाल ह्याला एवढं लागायचं कारण काय, कुळागरात सुपाऱ्या गोळा करणारा माणूस, ह्याला दिल्लीच्या गोळ्यांशी काय करायचंय. तर ऐका. माझे आजोबा मूळचे गोव्याचे नव्हेत. कोल्हापूरकडच्या एका खेड्यात त्यांचं घर, दुकान, थोडी शेती होती. फेब्रुवारी १९४८ च्या पहिल्या दिवसांत, मारणारा कुठल्या जातीचा हे कळल्यावर दक्षिण महाराष्ट्रात ब्राह्मणांची घरं जाळली गेली, त्यात आमचंही गेलं. माणसं वाचली, शेजारच्यांनीच मागच्या दारानं काढलं म्हणून वाचली, हेही आजोबा दर वेळी न चुकता सांगायचे. आजीचं माहेर इथलं, सत्तरीतल्या चित्पावनांचं. म्हणून बेळगाव, कणकुंबी आणि चोर्ल्याचा घाट असं करत ते इथे उतरले, सहा वर्षांचे माझे वडील कडेवर आणि खांद्यावर. तेव्हा इकडे पाखल्यांचं, म्हणजे पोर्तुगीजांचं, राज्य. म्हणजे नुकत्याच स्वतंत्र झालेल्या देशातून पळून परत गुलामगिरीत आसरा घ्यायचा, अशी ती गंमत. घरात चित्पावनी, अंगणात कोंकणी आणि कागदावर मराठी असं आमचं चालत आलंय ते तेव्हापासून.

तर ही हत्या आमच्या घरात आहे. बाकीच्यांना तो इतिहासाचा धडा असेल, आमच्याकडे ती जळालेल्या तुळईची गोष्ट आहे.

आणि म्हणूनच त्या रात्री समितीतले एक जण हॉलच्या पायऱ्यांवर मला जे बोलले ते मला जास्त लागलं. म्हणाले, "तूं कित्याक तापता? चौथी गोळी खरी ठरली तर तुमच्या लोकांवरचा डाग जातलो न्ही!" चांगल्या मनानं बोलले, मला माहीत आहे. पण मला असा पुसलेला डाग नको. एक तर तो डाग माझा नव्हताच. गोळी झाडली नथुराम गोडसेनं, घर जळलं आजोबांचं, ह्या दोन गोष्टींचा काहीही संबंध नाही, तो संबंध जाळणाऱ्यांनी जोडला होता. आता ती जोडणी तोडायला खोटी गोळी आणायची म्हणजे त्यांचा हिशेब बरोबर होता असं मी कबूल करण्यासारखं आहे. आजोबा १९८६ ला वारले, तोपर्यंत त्यांनी ह्या खटल्याची कात्रणं जमवली, आणि एकदाही, खरंच एकदाही, दुसरा मारेकरी शोधला नाही. आपल्याला सोयीचं असूनही.

बरं, आता त्या गोळीचं बघू. कारण तुमच्यापैकी कोणी बघितलेलं दिसत नाही.

पिस्तूल बेरेटा, इटलीचं, नंबर ६०६८२४, ग्वाल्हेरहून मिळवलेलं. गोळ्या तीन, जवळून झाडलेल्या, त्यातल्या दोन आरपार. आता साधा विचार करा, गोळी आत शिरते तिथे एक जखम आणि बाहेर पडते तिथे दुसरी, मग जखमा गोळ्यांपेक्षा जास्त दिसणारच, रानडुकराच्या शिकारीच्या गोष्टी ऐकत वाढलेल्या सत्तरीच्या माणसाला हे पडद्यावर समजावून सांगायला लागावं? दुसऱ्या दिवशीच्या काही पेपरांत चार गोळ्या छापून आल्या हे खरं आहे. संध्याकाळी सव्वापाचच्या पुढे घडलेली गोष्ट, गर्दी, रडारड, तारा पाठवायची घाई, त्यात आकडा चुकला. शवविच्छेदन झालं नाही, डॉक्टरांनी बाहेरून तपासलं, हेही खरं. ती त्रुटी आहे, मी नाही म्हणत नाही. पण त्रुटी म्हणजे पुरावा नव्हे. चावडीवर कागद सापडला नाही म्हणून जमीन आपोआप शेजाऱ्याची होत नाही, हे तुम्हाला मी सांगायचं?

आणि मुख्य म्हणजे हा प्रश्न कोणी दाबलेला नाही. २०१७ ला ह्याच मुद्द्यावर सुप्रीम कोर्टात याचिका गेली, चौथी गोळी, फोर्स १३६, सगळं त्यात होतं. कोर्टानं हसून उडवली नाही, अमरेंद्र शरण ह्या ज्येष्ठ वकिलांना कोर्टाचे मित्र म्हणून नेमलं, त्यांनी जुने कागद तपासून सांगितलं की दुसऱ्या मारेकऱ्याचा किंवा परदेशी संघटनेचा पुरावा नाही, आणि २८ मार्च २०१८ ला याचिका फेटाळली गेली. आपल्या वक्त्यांनी याचिका दाखल झाल्याचं मोठ्या आवाजात सांगितलं. फेटाळल्याचं सांगितलं नाही. ती तारीख त्यांना माहीत नसेल असं मला वाटत नाही, पण तुम्हाला माहीत नव्हती हे मात्र नक्की, कारण मी विचारलं.

अजून एक गंमत बघा. वक्ते दीड तास "कट होता, कट होता" म्हणत होते. अहो, कट नव्हता असं म्हणतंय कोण? लाल किल्ल्यात खटला चालला तोच कटाचा. न्यायमूर्ती आत्माचरण, निकाल १० फेब्रुवारी १९४९. आठ आरोपी, दिगंबर बडगे माफीचा साक्षीदार. गोडसे आणि आपटे फाशी, पुढे १५ नोव्हेंबरला अंबाल्याला दिली. सावरकरांना पुराव्याअभावी सोडलं. अपिलात परचुरे आणि शंकर किस्तैया हे दोघे सुटले, करकरे, मदनलाल, गोपाळ गोडसे ह्यांची जन्मठेप राहिली. पुढे ह्या कटाची नव्यानं चौकशी करणाऱ्या न्यायमूर्ती कपूरांच्या आयोगानं १९६९ मध्ये सावरकरांबद्दल वेगळा सूर लावला, त्यावरून आजही भांडणं होतात, होऊ देत. पण आयोग म्हणजे कोर्ट नव्हे आणि मेलेल्या माणसाला उलटतपासणी घेता येत नाही, हे मला दोन्ही बाजूंच्या लोकांना सांगावंसं वाटतं. माझा मुद्दा तो नाहीच.

माझा मुद्दा दहा दिवसांचा आहे.

२० जानेवारी १९४८. बिर्ला हाऊसमध्ये प्रार्थनेच्या वेळी स्फोट झाला. सात जण आले होते, मदनलाल पाहवा जागच्या जागी पकडला गेला, बाकीचे सहा निसटले. मदनलालनं पोलिसांना जबाब देताना करकरेचं नाव घेतलं, पुण्याच्या एका मराठी पेपरच्या संपादकाचा, म्हणजे नथुरामचाच, उल्लेख केला. अहो पुण्यात असे संपादक किती असतील! त्याच दिवसांत मुंबईत प्रोफेसर जैन म्हणून होते, मदनलाल त्यांच्याकडे ह्या कटाबद्दल आधी बोलून गेला होता, ते स्वतः होऊन मुख्यमंत्री खेर आणि गृहमंत्री मोरारजी देसाई ह्यांना २१ तारखेला भेटले. म्हणजे माहिती दिल्लीत होती, मुंबईतही होती. मरीना हॉटेलात, जिथे गोडसे खोट्या नावानं उतरला होता, तिथे धोब्याकडे टाकलेले कपडे मिळाले, त्यावर एन. व्ही. जी. अशी खूण, म्हणजे नथुराम विनायक गोडसे. दिल्लीचे पोलीस मुंबईला येऊन परत गेले. मुंबईचे पोलीस अधिकारी नगरवाला तपास करत होते, पण त्यांच्या डोक्यात काय बसलं होतं माहीत आहे? की गांधीजींना पळवून नेण्याचा मोठा कट आहे. खून नव्हे, अपहरण! म्हणजे खरा कट समोर असताना पोलीस भलत्याच कटाच्या मागे. हे मी म्हणत नाही, कपूर आयोगाच्या अहवालात आहे, आणि आयोगानं त्यावर टीकाही केली आहे.

त्यातला मला सगळ्यात जास्त सतावणारा भाग सांगतो. पुण्याचे सीआयडीचे अधिकारी राणा तेव्हा दिल्लीत होते, २५ तारखेला मदनलालच्या जबाबाची माहिती घेऊन निघाले, विमानानं नाही, आगगाडीनं, आणि मुंबईला पोचले २७ ला. आणि त्याच २७ तारखेला गोडसे आणि आपटे खोट्या नावांनी मुंबईहून दिल्लीला गेले. विमानानं.

हे वाचल्यावर मी पुस्तक, म्हणजे मोबाईल, खाली ठेवला आणि बाहेर कुळागरात जाऊन उभा राहिलो. आजोबांचं घर त्या आगगाडीत जळलं असं मला वाटलं. झडतीचं म्हणाल तर प्रार्थनेला येणाऱ्यांची झडती घ्यायला खुद्द गांधीजींनीच नकार दिला होता, त्यामुळे पोलिसांचे हात बांधलेले होते हे मान्य. पण पुण्याचा एक माणूस जो त्या संपादकाला चेहऱ्यानं ओळखतो तो साध्या कपड्यांत बागेत उभा करायला कोणाची परवानगी लागत होती?

चौथी गोळी मला म्हणूनच नको. तिच्यात सगळं परदेशातल्या कुठल्या तरी अदृश्य हातावर जातं आणि ह्या दहा दिवसांबद्दल कोणी विचारत नाही. तिथे गुप्तहेर नाहीत, सिनेमा नाही, फक्त एका टेबलावरून दुसऱ्या टेबलावर न पोचलेला कागद आहे. आपल्याला तो ओळखीचा वाटायला पाहिजे, मामलेदाराच्या ऑफिसात रोज बघतो आपण.

आता माझ्या तक्रारी.

एक. प्रश्नांना वेळ दिला नाही. चिठ्ठ्या लिहून द्या म्हणालात, मी दिली, माझ्यासमोर बारा-पंधरा तरी चिठ्ठ्या ट्रेमध्ये जमल्या, आणि मग "वेळ झाला, अल्पोपाहार आहे" म्हणून आभारप्रदर्शन. त्या आभारप्रदर्शनाला अकरा मिनिटं लागली, मी घड्याळ बघत होतो.

दोन. वाचनालयाच्या व्हॉट्सअॅप ग्रुपवर व्याख्यानाची क्लिप टाकली, खाली लिहिलं "आपल्या वाचनालयाने उघड केलेले सत्य". मी त्याखाली सुप्रीम कोर्टाच्या निकालाची बातमी टाकली. पंधरा मिनिटांत ग्रुप "फक्त अॅडमिन" झाला. तो अजून तसाच आहे, परवा एका सभासदाच्या आईच्या निधनाची बातमीसुद्धा त्यामुळे कोणाला टाकता आली नाही.

तीन, आणि हे मला जास्त लागलंय. हायस्कूलच्या मुलांसाठी ह्याच विषयावर निबंध स्पर्धा ठेवलीत. माझी पुतणी नववीत आहे. तिनं चौथ्या गोळीवर नाही लिहिलं, तिनं ह्या दहा दिवसांवर लिहिलं, मी अहवालाची पानं काढून दिली हे खरं, पण वाचली तिनं, रात्री दोनदा जेवण थंड झालं. निबंध परत आला तेव्हा वर लाल पेनानं "विषयाला धरून नाही" आणि बक्षीस नाही. बक्षीस नाही मिळालं ह्याचं काही नाही, दर वर्षी कोणाला तरी मिळत नाहीच. पण विषय गांधीहत्या होता ना? मग मारेकरी निसटले ते दिवस विषयाबाहेर कसे? पहिला आलेला निबंध तुम्ही नोटीस बोर्डावर लावलाय, मी वाचला, पोराचं अक्षर सुंदर आहे आणि त्यात व्याख्यानातली वाक्यंच्या वाक्यं आहेत. त्या मुलाचा दोष नाही. त्याला आपण मोठ्यांनी तेच सत्य म्हणून दिलं, वाचनालयाच्या स्टेजवरून, मागे सरस्वतीचा फोटो ठेवून.

चार. हे लिहिताना हात जरा जड होतोय. आजोबांच्या कात्रणांच्या अकरा वह्या, खळीनं चिकटवलेल्या, बाहेरून वेताच्या रंगाचं कापड, वडिलांनी १९९२ ला वाचनालयाला दिल्या होत्या. त्यात खटल्याच्या वेळचे पेपर होते, पुढच्या आयोगाच्या बातम्या होत्या, समासात आजोबांची टिपणं होती. व्याख्यानानंतर मी त्या बघायला गेलो, म्हटलं चार गोळ्या कुठल्या पेपरनं छापल्या ते मुळातून बघूया. कपाट नाही. त्या जागी डिजिटल कॉर्नर, दोन कम्प्युटर, एक बंद. संदर्भाचं कपाट कुठे गेलं विचारलं तर शिपाईमामा म्हणाले, पावसाच्या आधी जुनं सगळं भंगारवाल्याला दिलं, वाळवी लागली होती म्हणून. लागली असेल. इथला पाऊस मला माहीत आहे, माझ्या स्वतःच्या घरात पुस्तकांना बुरशी येते. पण एक फोन करायचा होता. मी चालत सात मिनिटांवर राहतो, टेम्पो घेऊन आलो असतो, उन्हात घालून वाळवल्या असत्या. ज्या समितीनं सत्य लपवल्याचं व्याख्यान ठेवलं तिनंच ते रद्दीत घातलं, किलोच्या भावानं, आणि त्याची पावतीसुद्धा नाही. ह्यात कसलाही कट नाही, मला पूर्ण खात्री आहे. कोणी बघितलं नाही, एवढंच झालं.

केनेडींचं नाव निघालं होतं म्हणून एक छोटंसं सांगतो, मग मागण्यांवर येतो. तिकडे १९६४ ला वॉरन आयोगानं एकच मारेकरी म्हटलं, १९७९ ला तिथल्या संसदेच्या समितीनं एका ध्वनिफितीच्या जोरावर बहुधा कट असावा म्हटलं, आणि १९८२ ला शास्त्रज्ञांनी ती ध्वनिफीत तपासून तो आधारच टिकत नाही म्हणून सांगितलं. तीन पायऱ्या. आपल्या वक्त्यांनी मधलीच पायरी दाखवली. सवयच दिसते.

मागण्या पाच आहेत. वक्त्यांवर बंदी घाला, माफी मागायला लावा, असलं काही नाही, त्यांना पुढच्या वर्षीही बोलवा हवं तर.

यापुढे व्याख्यान कुठलंही असो, निदान अर्धा तास प्रश्नांना ठेवा, तोंडी प्रश्न, चिठ्ठ्या नकोत. भजी थोडी थंड झाली तरी लोक खातात.

ग्रुपवरची क्लिप काढू नका, पण तिच्याखाली २८ मार्च २०१८ च्या निकालाची बातमी समितीच्या नावानं लावा आणि ग्रुप मोकळा करा.

एक संध्याकाळ द्या. व्याख्यान नाही, नुसतं वाचन. लाल किल्ल्यातल्या निकालातली आणि कपूर आयोगाच्या अहवालातली निवडक पानं मोठ्यानं वाचायची, मराठीत सांगत सांगत. अहवाल इंग्रजी आहे पण नेटवर फुकट आहे, स्कॅन थोडी पुसट आहे. वाचायला आम्ही चार जण तयार आहोत, त्यात सावरकरांना मानणारे दोघे आहेत आणि अजिबात न मानणारा एक, चौथा मी. वक्त्यांनाही बोलवा, त्यांच्याकडचे कागद त्यांनी आणावेत.

निबंध परत तपासा, दुसऱ्या कोणाकडून तरी. बक्षीस नको, शेरा बदला.

आणि भंगारात काय काय दिलं त्याची यादी द्या. कोणी ठरवलं, कुठल्या तारखेला, कुठल्या भंगारवाल्याला. मी साखळी, वाळपई, डिचोली तिन्हीकडे विचारून आलोय, फोंड्याचं राहिलंय. एका ठिकाणी म्हणाला कापडी बांधणीच्या वह्या कोणी तरी वेगळ्या काढून ठेवल्या होत्या, परत ये. यादी मिळाली तर मला नीट सांगता येईल काय शोधतोय ते, नाहीतर मी आपला "बाबा, आजोबांच्या वह्या" म्हणत फिरतोय.

उत्तर ग्रुपवर देता येणार नाही, कारण तिथे मी वाचू शकतो पण बोलू शकत नाही. रविवारी सकाळी दहा ते साडेअकरा मी पेपर वाचायला येतो, खिडकीजवळच्या टेबलावर असतो. तिथे या.

आपला,
एक आजीव सभासद
(वर्गणी भरलेली आहे, पावती माझ्याकडे आहे)